रिकामा हात आणि आखडता हात : ऋणकोच्या ऐपतीविषयी एक संवाद

दिवाणी न्यायालयाने एका पक्षाने दुसऱ्या पक्षास ठरावीक रक्कम द्यावी असा निवाडा करून हुकूमनामा दिला म्हणजे वाद संपला, अशी सर्वसाधारण समजूत असली, तरी पैशाच्या दाव्यांत खरी कसोटी त्यानंतरच लागते. कारण हुकूमनाम्याने देणे किती आणि कोणाचे एवढेच ठरते, आणि ते प्रत्यक्ष पदरात पडण्यासाठी जिंकलेल्या पक्षाला, म्हणजे धनकोला, बजावणीची वेगळी दरखास्त द्यावी लागते. रायपूरच्या हिंदी न्यायव्यवहारात या दरखास्तीला निष्पादन प्रकरण किंवा जुन्या वळणाने इजरा म्हणतात. हिंदुस्थानातील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हाती आल्यावर सुरू होतात, अशा आशयाचे निरीक्षण प्रिव्ही कौन्सिलने १८७२ साली दरभंगा राजच्या एका प्रकरणात नोंदवले होते. त्यानंतर दीडशे वर्षे उलटून गेल्यावर, ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर आलेल्या आकडेवारीनुसार, देशातील जिल्हा न्यायालयांत सुमारे ८ लाख ८२ हजार बजावणीच्या दरखास्ती पडून होत्या आणि त्यांतील सुमारे ३ लाख ४१ हजार एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्रातील होत्या. या सगळ्याच पैशाच्या नसतात, जमिनीच्या ताब्याच्याही असतात. पण ज्या पैशाच्या असतात त्यांत एक उत्तर हमखास ऐकू येते, ते म्हणजे ‘देणे मान्य आहे, पण ऐपत नाही’.

या उत्तराचे न्यायालयाने काय करावे, हा पुढील संवादाचा विषय आहे. संवादातील दोन्ही व्यक्ती कल्पित आहेत. एक रायपूरच्या तात्यापाऱ्यात वाढलेले, आयुष्यभर व्यापाऱ्यांची वसुलीची कामे केलेले ज्येष्ठ वकील. दुसऱ्या, त्यांना घरोब्याने काका म्हणणाऱ्या आणि गरीब पक्षकारांना मोफत वकील पुरवणाऱ्या विधी सेवा प्राधिकरणाच्या यादीत नाव असलेल्या वकीलबाई. दोघेही कायद्याच्या त्याच कलमांवर बोट ठेवतात, आणि तरीही त्यांना त्यांत वेगवेगळे दिसते.

चर्चेसाठी दोघांनी एक नमुन्याचे प्रकरण गृहीत धरले. पंडरीच्या कापडबाजारातील एका घाऊक व्यापाऱ्याने एका किरकोळ दुकानदाराला ४ लाख रुपयांचा माल उधार दिला, दुकान बसले, दावा झाला, हुकूमनामा झाला, आणि दुकानदार आता हात वर करून उभा आहे. अशा दुकानदाराला कायदा निर्णीत ऋणको म्हणतो, म्हणजे ज्याचे देणे न्यायालयाने ठरवून टाकले आहे असा ऋणको.

ज्येष्ठ वकिलांनी सुरुवात केली ती व्यापाऱ्याच्या बाजूने. “ताई, पंडरीत माल उधार मिळतो तो कागदावर मिळत नाही, घराण्याच्या नावावर मिळतो. त्या नावावर विश्वास टाकून ज्याने माल दिला, त्याने आधी नोटीस दिली, मग न्यायशुल्क भरून दावा लावला, वर्षानुवर्षे तारखा केल्या, आणि शेवटी हुकूमनामा हाती आला तेव्हा समजते की दावा चालू असतानाच राहते घर बायकोच्या नावे बक्षीसपत्राने गेले आणि दुकानातला माल भावाच्या गोदामात. संपत्ती हस्तांतरण कायद्याचे ५३ वे कलम सांगते की धनकोंना बुडवण्याच्या हेतूने केलेले हस्तांतरण रद्द होऊ शकते. पण ते रद्द करून घ्यायचे तर बहुधा त्यासाठी नवा दावा. म्हणजे एक दावा जिंकल्याचे बक्षीस काय, तर दुसरा दावा. अशा माणसाने ‘ऐपत नाही’ म्हटले की न्यायालयाने सहानुभूतीने मान डोलवायची, याला न्याय म्हणवत नाही.”

“काका, न्यायालयाने मान डोलवावी असे कोणी म्हणतच नाही,” वकीलबाईंनी उत्तर दिले. “पण तुम्ही वर्णन केले ते लबाडाचे. प्रत्येक बुडालेला दुकानदार लबाड असतो, हे गृहीत धरून चालले तर चौकशीची गरजच उरत नाही, आणि कायद्याला नेमके तेच नको होते.”

येथे कायदा काय म्हणतो ते पाहणे आवश्यक आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या ५१ व्या कलमात बजावणीचे मार्ग दिले आहेत : मालमत्तेची जप्ती आणि लिलाव, मालमत्तेवर प्रशासक म्हणून रिसीव्हरची नेमणूक, आणि ऋणकोची अटक व दिवाणी कैद. शेवटच्या मार्गाला १९३६ च्या दुरुस्तीने एक परंतुक, म्हणजे नियमाला घातलेली मर्यादा, जोडण्यात आली. तिच्याप्रमाणे ऋणकोला आपले म्हणणे मांडण्याची संधी दिल्याशिवाय आणि न्यायालयाने लेखी कारणे नोंदवल्याशिवाय त्याला तुरुंगात धाडता येत नाही. आणि ती कारणेही ठरलेली आहेत : ऋणको बजावणी टाळण्यासाठी पळून जाण्याचा संभव आहे, किंवा दावा लागल्यानंतर त्याने अप्रामाणिकपणे मालमत्ता हस्तांतरित केली वा दडवली आहे, किंवा हुकूमनाम्याच्या तारखेपासून त्याच्याजवळ पूर्ण रक्कम अगर तिचा भरीव भाग देण्याची साधने आहेत वा होती आणि तरीही त्याने नकार दिला वा हयगय केली आहे, किंवा देणे विश्वस्ताच्या नात्याने हिशेब देण्याच्या जबाबदारीतून निर्माण झालेले आहे. ऐपत मोजताना, जी मालमत्ता मुळात जप्तच करता येत नाही ती हिशेबात धरायची नाही, असे स्पष्टीकरणही त्यासोबत आहे. स्त्रीला पैशाच्या हुकूमनाम्यासाठी अटक करता येत नाही. २,००० रुपयांपर्यंतच्या हुकूमनाम्यासाठी कोणालाच कैद नाही. २,००० ते ५,००० पर्यंत जास्तीत जास्त सहा आठवडे आणि त्यावर तीन महिने. कैदेतील ऋणकोचा निर्वाहभत्ता धनकोने भरायचा असतो, म्हणजे ज्याला पैसे मिळालेले नाहीत त्यानेच ऋणकोच्या जेवणाचा खर्च सोसायचा, ही गोष्ट व्यापाऱ्यांना समजावून सांगताना वकिलांची बरीच पंचाईत होते.

१९८० च्या फेब्रुवारीत जॉली जॉर्ज वर्गीस विरुद्ध बँक ऑफ कोचीन या प्रकरणात न्या. व्ही. आर. कृष्ण अय्यर व न्या. आर. एस. पाठक यांच्या पीठाने या परंतुकाला आणखी धार दिली. सुमारे अडीच लाख रुपयांच्या हुकूमनाम्यासाठी ऋणकोंवर अटकेचे वॉरंट निघाले होते. त्यांची स्थावर मालमत्ता आधीच जप्त होती आणि तिचे व्यवस्थापन रिसीव्हरकडे होते. भारताने १९७९ साली स्वीकारलेल्या नागरी व राजकीय हक्कांच्या आंतरराष्ट्रीय कराराचे ११ वे कलम केवळ करारातील देणे फेडता न आल्यामुळे कोणालाही तुरुंगात टाकू नये असे सांगते. त्याचा आणि राज्यघटनेच्या २१ व्या कलमाचा आधार घेऊन न्यायालयाने ठरवले की नुसते पैसे न देणे पुरेसे नाही, त्यामागे दुर्बुद्धी असली पाहिजे, म्हणजे जवळ असून न देणे किंवा जवळचे जाणूनबुजून दूर सारणे दिसले पाहिजे. खालच्या न्यायालयाने ही चौकशी केलेली नसल्याने प्रकरण परत पाठवण्यात आले. विशेष म्हणजे न्या. कृष्ण अय्यर यांनीच केरळ उच्च न्यायालयात असताना १९६९ साली याच कराराच्या आधाराने असाच विचार मांडला होता, तेव्हा भारत त्या कराराचा पक्षही नव्हता.

“निकाल उत्तम आहे,” ज्येष्ठ वकील म्हणाले, “पण त्याची किंमत कोण मोजतो? दुर्बुद्धी सिद्ध करायची कोणी, तर धनकोने. ऋणकोच्या कपाटात काय आहे, कोणत्या बँकेत त्याचे खाते आहे, मेव्हण्याच्या नावाने चालणाऱ्या दुकानाचा गल्ला कोण उचलतो, हे धनकोला कसे कळावे? भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ चे १०९ वे कलम, जे जुन्या कायद्यात १०६ वे होते, म्हणते की जी गोष्ट एखाद्याच्या विशेष माहितीतली असेल ती सिद्ध करण्याचा भार त्याच्यावर. स्वतःची ऐपत किती याहून अधिक स्वतःच्या माहितीतली गोष्ट आणखी कोणती?”

वकीलबाईंनी हा मुद्दा झटकून टाकला नाही. “हे मान्य, काका, आणि म्हणूनच संहितेच्या २१ व्या आदेशाचा ४१ वा नियम आहे. हुकूमनामा ३० दिवस न फिटता राहिला तर न्यायालय ऋणकोला आपल्या मालमत्तेचे शपथपत्र द्यायला लावू शकते आणि ते न दिल्यास तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद देऊ शकते. ती कैद गरिबीबद्दल नसते, तोंड बंद ठेवल्याबद्दल असते, त्यामुळे तिला आमचाही आक्षेप नाही. पण प्रत्यक्षात हा अर्ज किती धनको करतात? बहुतेक जण पहिल्याच झटक्यात अटकेच्या वॉरंटची मागणी करतात. शपथपत्र मागितले तर ऋणकोची खरी स्थिती कागदावर येते, आणि ती आली तर वॉरंटचा धाक निघून जातो.”

या उत्तरात थोडे तथ्य आणि थोडा अन्याय आहे. धनको शपथपत्र मागत नाहीत याचे एक कारण वकीलबाई सांगतात तसेच असले, तरी दुसरे असे की खोटे शपथपत्र दिल्याबद्दल एखाद्याला शिक्षा झाल्याचे बाजारात क्वचितच ऐकू येते, आणि ज्या कागदाला कोणी भीत नाही तो मिळवण्यासाठी आणखी दोन तारखा घालवायला व्यापारी तयार नसतो.

ज्येष्ठ वकिलांनी मग वॉरंटच्या धाकाचे उघड समर्थन केले. त्यांच्या अनुभवानुसार वॉरंट निघाल्यावर पैसे येतात, आणि जे पैसे काल नव्हते ते आज येतात यावरून ते आधीही होते असे अनुमान काढता येते. वकीलबाईंचे त्यावरचे उत्तर या संवादातील सर्वांत महत्त्वाचे म्हणावे लागेल. “काका, ते पैसे कोण घेऊन येतो ते पाहिले आहे का? ऋणको क्वचितच आणतो. आणतो त्याचा भाऊ, सासरा, मुलीचा सासरा, कधी बायकोचे मंगळसूत्र. अटकेच्या वॉरंटने ऋणकोची ऐपत सिद्ध होत नाही, त्याच्या नातेवाइकांची लाज सिद्ध होते. कायदा ज्याच्यावर हुकूमनामा आहे त्याच्याकडून वसुली करतो; तुम्ही करता ती ज्यांच्यावर हुकूमनामा नाही त्यांच्याकडून.”

“आणि उधारी दिली ती कोणाकडे पाहून?” ज्येष्ठ वकिलांनी तितक्याच ठामपणे विचारले. “त्या सासऱ्याकडे आणि भावाकडे पाहूनच. आमच्याकडे घराची पत असते, एकट्या माणसाची नसते. ज्या घराने पत वापरली त्या घराला ती सांभाळायला लावणे यात अन्याय कुठे आला?”

हा मतभेद कायद्याच्या कोणत्याही कलमाने सुटण्यासारखा नाही, कारण कायद्याला ऋणको एकटा दिसतो आणि बाजाराला तो कुटुंबासकट दिसतो. मात्र बाजाराची ही दृष्टी न्यायालयाने स्वीकारली, तर हमीदार म्हणून सही न केलेला माणूसही हमीदार ठरेल, आणि तेथे व्यापाऱ्यांनी हमीपत्र लिहून घेण्याचा सोपा मार्ग का सोडला, हा प्रश्न त्यांनाच विचारावा लागेल.

नात्यागोत्यांच्या दडपणाने वसुली करण्याची रीत मराठी मुलखाला नवी नाही. पेशवाईच्या अस्तानंतर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने १८१९ च्या आपल्या अहवालात तकाद्याचे वर्णन केले आहे : धनको ऋणकोच्या दारात माणूस बसवतो, त्याची ये-जा अडवतो, प्रसंगी त्याला जेवूही देत नाही, आणि सरकार त्यात पडत नाही. दारात धरणे धरून बसण्याला पुढे दंड संहितेने गुन्ह्याचे उदाहरण म्हणून नमूद केले. इंग्रजी न्यायालयांनी तकाद्याच्या जागी हुकूमनामा आणला, पण त्यातून ऋणकोच्या दाराऐवजी न्यायालयाच्या दारात कैद उभी राहिली. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे सुरू झालेल्या दंग्यांत शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांतून कर्जरोखे आणि हुकूमनामे काढून जाळले. त्यावर नेमलेल्या आयोगानंतर १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांच्या साहाय्याचा कायदा आला. सुरुवातीला पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या जिल्ह्यांना लागू झालेल्या या कायद्याने पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याला अटक वा कैद करणे पूर्णपणे बंद केले, आणि गहाण न टाकलेली त्याची जमीन साध्या कर्जासाठी जप्त होऊ नये अशी तरतूद केली. या कायद्याच्या अंमलबजावणीत महादेव गोविंद रानडे यांनी विशेष न्यायाधीश म्हणून काम केले.

वकीलबाईंनी हा इतिहास आपल्या बाजूने मांडला तेव्हा ज्येष्ठ वकिलांनी त्याचाच उत्तरार्ध पुढे केला. “त्या कायद्यानंतर सावकार काय करू लागला, तेही सांगा. साधा रोखा लिहून घेणे त्याने सोडले आणि शेताचे खरेदीखतच लिहून घ्यायला लागला. तोंडी कबुली एवढीच की पैसे फेडले तर शेत परत. कैद गेली आणि शेत गेले. कर्ज देणाऱ्याचे दात काढून घेतले, तर तो चावायचे थांबत नाही, गिळायला लागतो.” अशा खरेदीखतांची तक्रार त्या काळी खरोखर वारंवार झाली, आणि रकमेच्या वसुलीला घातलेला बांध कर्जाच्या प्रवाहाला दुसरी वाट काढून देतो, हे त्यातून दिसते. छत्तीसगड १८५४ पर्यंत नागपूरकर भोसल्यांचा मुलूख होता, नंतर मध्य प्रांतात आला. दख्खनचा कायदा येथे नव्हता, पण १९३३ साली मध्य प्रांतानेच देशात प्रथम कर्ज समेट कायदा केला. त्यात कैदेऐवजी मंडळासमोर धनको आणि ऋणको यांनी बसून रक्कम आणि हप्ते ठरवावेत, अशी योजना होती. पुढे पंजाब, आसाम, बंगाल आणि मद्रास या प्रांतांनी तिचे अनुकरण केले.

“त्या मंडळांनी केले ते आजचे न्यायालय का करू शकत नाही?” वकीलबाईंनी विचारले. “याचे उत्तर २० व्या आदेशाच्या ११ व्या नियमात आहे. निकाल देताना न्यायालय हप्ते बांधून देऊ शकते. पण हुकूमनामा झाल्यावर हप्ते मागायचे तर धनकोची संमती लागते. म्हणजे ज्या वेळी ऋणको खरोखर पडलेला असतो, त्या वेळी त्याला हप्ते मिळण्याची चावी समोरच्याच्या खिशात.”

ज्येष्ठ वकिलांनी यावर लगेच उत्तर न देता जप्तीच्या अपवादांकडे वळण घेतले, आणि येथे त्यांची बाजू अधिक भक्कम होती. संहितेच्या ६० व्या कलमाप्रमाणे नेसूची वस्त्रे, स्वयंपाकाची भांडी, अंथरुणे, कारागिराची अवजारे, शेतकऱ्याची अवजारे आणि बैल, मजुराची मजुरी, भविष्य निर्वाह निधी आणि सरकारी निवृत्तिवेतन जप्त करता येत नाही. पगारदाराचे पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन-तृतीयांश सुरक्षित राहतात. म्हणजे ३१,००० रुपये पगार असेल तर ३०,००० चा एक-तृतीयांश, दरमहा १०,००० एवढाच जप्तीला मिळतो, आणि अशी जप्ती २४ महिने चालल्यावर त्या हुकूमनाम्यापुरती कायमची उठते. नमुन्याच्या प्रकरणात असा पगार असता, तर ४ लाखांपैकी २ लाख ४० हजारच हाती आले असते. हजार रुपयांचा आकडा आजच्या महागाईत चेष्टेसारखा वाटतो, तरी दोन-तृतीयांशाच्या भागामुळे पगारदार नोकर बऱ्यापैकी सुरक्षित आहे. सर्वांत उघडा पडतो तो आपला दुकानदार : शेतकऱ्याचे आणि मजुराचे राहते घर जप्तीतून वगळलेले आहे, दुकानदाराचे नाही.

“आणि शेतकऱ्याकडे पाहा,” ज्येष्ठ वकील म्हणाले. “छत्तीसगड भू-राजस्व संहितेचे १६५ वे कलम सांगते की ओलिताची ५ एकर किंवा कोरडवाहू १० एकर यांहून जास्त असेल तेवढीच जमीन हुकूमनाम्यासाठी जप्त करता येते, आदिवासी भूमिस्वामीची तर मुळीच नाही. गहाण टाकलेली असेल ती गोष्ट वेगळी. हे कलम लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर भातशेती करणारा गरीब खातेदार होता. पण आज नवा रायपूरच्या आसपास पाच एकर असलेला माणूस पंडरीतल्या दुकानदाराहून कितीतरी श्रीमंत असतो. तो पाच एकरांवर बसून न्यायालयात सांगतो, ऐपत नाही. आणि ५१ व्या कलमाच्या स्पष्टीकरणामुळे ती जमीन ऐपतीत धरताच येत नाही. त्याला कायदा गरीब मानतो, आणि ज्याचे दुकान बसले त्याच्या घराचा लिलाव पुकारतो. ही तुमची सहानुभूती कुठे बसते, ताई?”

वकीलबाईंनी एवढेच म्हटले की आदिवासी जमिनीचे संरक्षण कर्जाच्या प्रश्नापुरते पाहता येत नाही, कारण त्यामागे जमिनीच्या हस्तांतरणाचा शतकभराचा इतिहास आहे. पण शहराच्या कडेच्या बिगर-आदिवासी जमिनींविषयी ज्येष्ठ वकिलांचे म्हणणे त्यांनी खोडून काढले नाही. ते खोडून काढता येण्यासारखेही नाही. जमिनीचे एकर मोजून गरिबी ठरवणारा नियम जमिनीचा भाव बदलला की आंधळा होतो.

याच्या उलट दिशेला असलेला एक मार्ग मात्र दोघांनाही खटकत होता. व्यापारी आता उधारीच्या वेळीच कोरा सही केलेला धनादेश ठेवून घेतात, आणि दिवाणी दाव्याच्या लांब वाटेऐवजी परक्राम्य संलेख अधिनियमाच्या १३८ व्या कलमाखाली फौजदारी तक्रार करतात. धनादेश न वटल्यास दोन वर्षांपर्यंत कारावास किंवा रकमेच्या दुपटीपर्यंत दंड होऊ शकतो, आणि खात्यात पैसे ठेवण्याची ऐपत नव्हती हा त्यात बचावच नाही. २०१९ च्या अखेरीस देशातील प्रलंबित २ कोटी ३१ लाख फौजदारी प्रकरणांपैकी सुमारे ३५ लाख या एका कलमाखालील होती. वकीलबाईंचे म्हणणे असे की १९८० च्या निकालाने समोरचे दार बंद केले आणि कायदेमंडळाने १९८८ मध्ये मागचे उघडले. ज्येष्ठ वकिलांनी या दाराचा उपयोग आपण रोज करतो हे लपवले नाही. त्यांची तक्रार एवढीच होती की आता तेथेही तारखांचा ढीग साचल्यामुळे धाक उरलेला नाही.

पोटगीच्या रकमेचा प्रश्न दोघांनी वेगळा ठेवला, आणि तो ठेवणे योग्यच आहे, कारण पत्नी आणि मुले यांचे पोषण हे करारातून आलेले देणे नव्हे. तेथे न दिलेल्या प्रत्येक महिन्यासाठी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते, आणि १९८८ च्या कुलदीप कौर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की कैद भोगल्याने ते देणे फिटत नाही. पगाराच्या जप्तीतही पोटगीसाठी फक्त एक-तृतीयांश वगळला जातो. म्हणजे सामान्य धनकोला जेवढे मिळते त्याच्या दुपटीहून थोडे अधिकच मुलाबाळांसाठी जप्त होऊ शकते. नोव्हेंबर २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा या निकालाने दोन्ही पक्षांना सुरुवातीलाच उत्पन्न व मालमत्तेचे शपथपत्र देणे बंधनकारक केले. वकीलबाईंना हेच सूत्र सर्व पैशाच्या दाव्यांना लावायचे होते.

तसे एक पाऊल पडलेले आहे. एप्रिल २०२१ मध्ये राहुल शहा विरुद्ध जिनेंद्र कुमार गांधी या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बजावणीच्या दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढाव्यात असे सांगितलेच, पण त्याबरोबर असेही सांगितले की पैशाच्या दाव्यात मुद्दे निश्चित करण्यापूर्वीच प्रतिवादीला, त्याच्यावर मागितलेल्या रकमेच्या मर्यादेत, शपथेवर मालमत्ता जाहीर करायला लावता येईल. या दुसऱ्या भागाकडे पहिल्याच्या तुलनेत फारच कमी लक्ष गेले, आणि प्रस्तुत लेखाच्या दृष्टीने तोच अधिक महत्त्वाचा आहे. कारण ऐपतीची नोंद दाव्याच्या आरंभी झाली, तर पुढे काय नाहीसे झाले ते दिसते, आणि जे मुळातच नव्हते त्याबद्दल कोणाला तुरुंगात धाडण्याची वेळ येत नाही. ५१ व्या कलमाला दुर्बुद्धी हवी आहे. तिचा पुरावा दोन तारखांच्या दोन नोंदींतील फरकात सापडतो, दरखास्तीतल्या विशेषणांत सापडत नाही.

ज्येष्ठ वकिलांनी हे मान्य केले, आणि त्यात एक अट घातली : शपथपत्र खोटे निघाले तर न्यायालयाने स्वतःहून कारवाई करावी, धनकोला त्यासाठी पुन्हा वणवण करायला लावू नये. वकीलबाईंनी ती अट आनंदाने स्वीकारली. त्यांनी बदल्यात विचारले ते नादारीबद्दल. खरोखर बुडालेल्या माणसाने स्वतःला नादार, म्हणजे कर्ज फेडण्यास असमर्थ, जाहीर करून घेण्यासाठी रायपूरसारख्या ठिकाणी आजही १९२० चा प्रांतिक नादारी कायदा लागू आहे. त्यातील ५०० रुपयांच्या कर्जाची मर्यादा शंभर वर्षांत बदललेली नाही. २०१६ च्या नव्या दिवाळखोरी संहितेत सामान्य व्यक्तींसाठी स्वतंत्र भाग लिहून झाला, त्यात लहान कर्जदाराला नवी सुरुवात देण्याची योजनाही आहे, पण कंपन्यांच्या वैयक्तिक हमीदारांखेरीज इतरांसाठी तो भाग अमलात आणलेला नाही. म्हणजे लोखंडाच्या कारखान्याचा मालक हमीदार म्हणून नव्या कायद्याच्या दारात जाऊ शकतो, आणि त्याच कारखान्याच्या फाटकाबाहेरचा किराणा दुकानदार ब्रिटिश अमदानीतल्या कायद्याची पाने चाळतो. अटक झालेल्या ऋणकोला न्यायालयाने हा मार्ग समजावून सांगावा, अशी तरतूद संहितेच्या ५५ व्या कलमात आहे. ती पाळली जाते की नाही, याविषयी दोघांच्या उत्तरांत फारसे अंतर नव्हते.

राहिला हप्त्यांचा प्रश्न. ज्येष्ठ वकील त्याकडे शेवटी वळले ते ठाम नकार घेऊन. “संमतीची अट काढली, ताई, तर प्रत्येक हुकूमनामा दरमहा हजार रुपयांचा होईल, आणि ४ लाख फिटायला तेहतीस वर्षे लागतील. संमती काढायची असेल तर दोन हप्ते चुकले की पुन्हा नोटीस न देता वॉरंट, एवढे तरी लिहून द्या.” वकीलबाईंनी ते नाकारले, कारण मधल्या काळात माणूस आजारी पडू शकतो, काम सुटू शकते, आणि ५१ व्या कलमाची चौकशी ही त्या दिवशीच्या ऐपतीची असते, मागच्या वर्षीच्या नव्हे. हप्त्याची रक्कम शपथपत्रावरून न्यायालयाने ठरवावी, एवढ्यावर ज्येष्ठ वकील अर्धेमुर्धे आले. नोटिशीशिवाय वॉरंट यावर मात्र दोघेही आपापल्या जागी राहिले.

तेव्हा वकीलबाईंनी विचारले की वॉरंटवर एवढा भरवसा असेल, तर ज्येष्ठ वकील स्वतःच्या दरखास्तींत ते किती लवकर मागतात. त्यांचे उत्तर अनपेक्षित होते. सर्वांत शेवटी, ते म्हणाले. कारण ५८ व्या कलमाप्रमाणे कैदेतून सुटलेल्या ऋणकोचे देणे कायम राहत असले, तरी त्याच हुकूमनाम्यासाठी त्याला पुन्हा अटक करता येत नाही, आणि वॉरंटने पैसे आले नाहीत तर त्यानंतर धनकोजवळ जप्तीयोग्य मालमत्ता शोधत बसण्यापलीकडे काही उरत नाही. म्हणून आधी मालमत्तेचा शोध, मग पगार, मग दुकानातील माल. आणि हे सगळे करूनही काही सापडले नाही, तर बहुतेक वेळा वॉरंट मागण्यातही अर्थ नसतो, हे त्यांनी आपल्या पक्षकारांना सांगितलेले आहे. पक्षकार ते ऐकतात का, या प्रश्नावर त्यांनी एवढेच सांगितले की काही जण ऐकतात, आणि बाकीचे दुसरा वकील करतात.